बसस्टॉपवरचा अरुण, मानवतचा मुकुटराव

1979 साली ‘गोलमाल’ आला. नोकरी टिकवण्यासाठी आखूड कुर्ता चढवणारा आणि एका मिशीच्या जोरावर दोन भावांचं सोंग वठवणारा रामप्रसाद शर्मा लोकांनी डोक्यावर घेतला. अमोल पालेकरांना त्या भूमिकेसाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. त्यानंतर दोनच वर्षांनी, 1981 मध्ये, तोच चेहरा मराठी पडद्यावर आला तो मुकुटराव शिंदे म्हणून. गावातलं बडं प्रस्थ, जवळ ठेवलेली बाई, अंधश्रद्धेचा फेरा आणि त्यापायी एकामागून एक पडणारे मुलींचे बळी. ‘आक्रीत’ची गोष्ट हवेतली नव्हती. परभणी जिल्ह्यातल्या मानवतमध्ये 1972 ते 1974 या काळात झालेलं हत्याकांड तिच्यामागे होतं, पटकथा विजय तेंडुलकरांची होती आणि दिग्दर्शक होते खुद्द पालेकर. दिग्दर्शक म्हणून हा त्यांचा पहिलाच चित्रपट.

धंद्याच्या हिशेबाने हा शुद्ध वेडेपणा होता. ज्या चेहऱ्यावर निर्माते पैसे लावत होते, ज्याच्यात घरोघरच्या आयांना आपला जावई दिसत होता, तो चेहरा पालेकरांनी आपल्याच हाताने रक्तात बुडवला. फ्रान्समधल्या नांतच्या ‘थ्री कॉन्टिनेंट्स’ महोत्सवात या चित्रपटाला परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला. इकडे मात्र ‘आक्रीत’ पाहिलेल्यांपेक्षा न पाहिलेल्यांचीच संख्या मोठी राहिली, आणि पालेकर म्हटलं की आजही आधी मिशी आठवते.

ही आठवण पुसून टाकावी असा या पुस्तकाचा हट्ट नाही. ती आठवण गोड आहे आणि कमाईची आहे. फक्त तिच्या आडोशाला एक दुसरी कारकीर्द झाकली गेली. पडद्यावर मान खाली घालून, शब्द अडखळत प्रेम करणारा हा नट दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसला की वारंवार एकाच प्रदेशात शिरतो: स्त्रीची वासना, शरीराचा हक्क, लिंगभेदाच्या कुंपणाबाहेरची माणसं, आणि या सगळ्याला घाबरणारा समाज. मराठीत इतक्या सातत्याने या विषयाचा पाठपुरावा केलेला दुसरा दिग्दर्शक चटकन सापडत नाही. पालेकरांच्या स्वतंत्र बाण्याविषयी बोलायचं तर पैसा कुठून आला याइतकंच, तो कशासाठी खर्ची पडला हेही पाहावं लागतं.

पालेकरांचा जन्म 1944 चा, मुंबईतला. शिक्षण जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये. पहिली ओळख चित्रकार ही, पोटापाण्याला बँकेतली नोकरी, आणि नाटक हे त्या दोन्हींच्या मधे घुसलेलं. नाटकात त्यांना ओढलं सत्यदेव दुबेंनी. दुबेंच्या हाताखाली तयार होणं म्हणजे काय असतं, हे त्या काळातल्या मुंबईच्या कुठल्याही रंगकर्मीला विचारावं. शिव्या आणि शिकवण यांत तिथे फारसं अंतर नसे. 1971 मध्ये दुबेंनी ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ पडद्यावर आणलं. पटकथा गिरीश कार्नाडांची, कॅमेरा गोविंद निहलानींचा, मध्यभागी सुलभा देशपांडे. पालेकर त्या संचात होते.

पुढच्याच वर्षी त्यांनी ‘अनिकेत’ ही आपली नाट्यसंस्था काढली. मग दादरच्या छबिलदास शाळेचं सभागृह प्रायोगिक नाटकवाल्यांचं माहेर झालं. अरविंद आणि सुलभा देशपांडेंच्या ‘आविष्कार’ने चालवलेली ती चळवळ, तिथलं मोजकं तिकीट, नटाच्या नाकासमोर बसलेला प्रेक्षक, दिव्यांची जेमतेम सोय. सदानंद रेग्यांचं ‘गोची’, बादल सरकारांचं ‘जुलूस’ अशी नाटकं पालेकरांनी त्या दशकात केली. प्रेक्षक हातभर अंतरावर असला की नटाला मोठा आवाज काढून भागत नाही; पापणी हलली तरी ती दिसते. पुढे कॅमेऱ्यासमोर पालेकर इतके सहज का वाटले, त्याचं निदान अर्धं उत्तर या खोल्यांत आहे.

‘वासनाकांड’चा किस्सा मात्र जरा थांबून सांगायला हवा. महेश एलकुंचवारांचं हे नाटक बहीण-भावाच्या शरीरसंबंधाविषयी आहे. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर ते पालेकरांनी रंगमंचावर आणायला घेतलं आणि रंगभूमी परिनिरीक्षण मंडळाने वाट अडवली. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. तारखांकडे नीट पाहिलं तर गंमत कळते. इकडे अनैतिकतेच्या आरोपावरून ज्याचं नाटक अडतं, तोच माणूस तिकडे ‘रजनीगंधा’त ऑफिसातल्या राजकारणाच्या गप्पा मारत प्रेयसीला भेटायला उशिरा येतो, आणि देशभरातले मध्यमवर्गीय म्हणतात, किती साधा मुलगा आहे! बासू चटर्जींचा ‘रजनीगंधा’ 1974 चा, मन्नू भंडारींच्या ‘यही सच है’ या कथेवरचा. दोन्ही पालेकर एकाच वेळी, एकाच शहरात वावरत होते. हिंदी चित्रपटाच्या प्रेक्षकाला पहिला पालेकर ठाऊक नव्हता, इतकंच.

हिंदीतली ती पहिली वर्षं भराभर गेली. ‘छोटी सी बात’ आणि ‘चितचोर’ दोन्ही 1976 चे. ‘छोटी सी बात’मधला अरुण प्रदीप बसच्या रांगेत विद्या सिन्हाच्या मागे उभा राहतो, तिच्यापाठोपाठ चालतो, आणि बोलायची वेळ आली की त्याचं अवसान गळतं. स्कूटरवाला असरानी समोरून तिला घेऊन निघून जातो. जहांगीर कलादालनातलं ‘समोवार’ हे उपाहारगृह या चित्रपटात दिसतं. एका चित्रकाराच्या बाबतीत हा योगायोग छान आहे. अमिताभ बच्चन पडद्यावर दारं तोडत होते त्याच दिवसांत हा माणूस बसची रांग मोडायला कचरत होता, आणि दोघांचीही तिकीटबारी चालत होती.

पण अभिनेता म्हणूनसुद्धा पालेकर सरळ मार्गाचे नव्हते. 1977 साल पाहा. श्याम बेनेगलांच्या ‘भूमिका’मध्ये ते केशव दळवी झाले: हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर बेतलेल्या या चित्रपटात बायकोच्या कमाईवर जगणारा, तिच्यावर नजर ठेवणारा, चिकट नवरा. त्याच वर्षी भीमसेन यांचा ‘घरौंदा’. सुदीप आणि छाया हे मुंबईत घर शोधणारं जोडपं. बिल्डर पैसे बुडवतो, डोक्यावर छप्पर येत नाही, आणि मग सुदीप छायाला सुचवतो की तिने आपल्या हृदयविकारी, पैसेवाल्या मालकाशी लग्न करावं. डॉ. श्रीराम लागूंनी तो मालक केला आहे.

ही सूचना पालेकर ज्या तऱ्हेने करतात ती पाहण्यासारखी आहे. कुठेही खलनायकी सूर नाही. तोच मऊ आवाज, तीच ओशाळी नजर, जी बसस्टॉपवर गोड वाटली होती. इथे ती अंगावर येते, कारण सभ्य माणूस सभ्य आवाजातच घाण सुचवतो हे त्या नटाला पक्कं कळलेलं असतं. पुढे, ‘आक्रीत’नंतर, विधू विनोद चोप्रांच्या ‘खामोश’मध्ये तर पालेकरांनी अमोल पालेकर नावाच्याच नटाची भूमिका केली आणि आपल्या त्या भाबड्या प्रतिमेचा वापर प्रेक्षकाला चकवण्यासाठी करून घेतला. ‘आक्रीत’चा मुकुटराव आकाशातून पडलेला नव्हता. त्याची पेरणी ‘भूमिका’ आणि ‘घरौंदा’पासूनच चालू होती.

दिग्दर्शक पालेकरांचा दुसरा चित्रपट ‘अनकही’, चिं. त्र्यं. खानोलकरांच्या ‘कालाय तस्मै नमः’ या नाटकावरचा. ज्योतिषी बाप, म्हणजे पुन्हा डॉ. लागू, भाकीत करतो की मुलाची पहिली बायको बाळंतपणात दगावेल. मुलाचं प्रेम एका शहरी मुलीवर आहे. तेव्हा तोड निघते ती अशी: आधी एका भाबड्या खेडवळ मुलीशी लग्न करायचं, ती भाकिताप्रमाणे मरेल, मग वाट मोकळी. मुलगा पालेकरांनीच केला आहे. या चित्रपटाने भीमसेन जोशींना पार्श्वगायनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळवून दिलं आणि जयदेवांना संगीताचं, म्हणून त्याची नोंद बहुतेक वेळा गाण्यांच्या यादीत होते. खरं तर पालेकरांच्या सगळ्या कामातलं हे सर्वांत निर्दय कथानक आहे. यात कोणी कोणावर हात उगारत नाही. घरातली शिकलेली, प्रेमळ माणसं एका मुलीच्या मरणाची वाट पाहत बसतात.

नव्वदच्या दशकापर्यंत वाट काढायची तर दूरदर्शनशिवाय गत्यंतर नव्हतं. समांतर चित्रपटाला थिएटर मिळणं दिवसेंदिवस अवघड होत होतं. छोट्या पडद्यावर मात्र तेव्हा खासगी वाहिन्यांची गर्दी नव्हती आणि साहित्यकृतींना जागा होती. ‘लिट्ल विमेन’वरून घेतलेली ‘कच्ची धूप’ ही मालिका 1987 ची. ‘मैंने प्यार किया’च्या आधीची भाग्यश्री तिच्यात दिसते. पुढे वृंदावनलाल वर्मांच्या कादंबरीवर ‘मृगनयनी’ आली. या मालिकांविषयी फार बोलावं असं नाही. त्यांनी दिग्दर्शकाचा हात चालता ठेवला.

1990 चा ‘थोडासा रूमानी हो जाएँ’ हा मात्र वेगळाच मामला. ‘द रेनमेकर’ या अमेरिकी नाटकाचा हा देशी अवतार. दुष्काळी गाव, लग्न न जमलेली बिन्नी, आणि पाऊस पाडून देतो म्हणणारा नीलकंठ धूमकेतू बारिशकर. नाना पाटेकरांनी हा बारिशकर काव्यमय संवादांच्या ताना घेत केला आहे, आणि ‘अंकुश’मध्ये पाहिलेला तो रागीट नट इथे शब्दांवर नाचतो. अनिता कंवरची बिन्नी त्याच्यापेक्षाही सरस आहे. आपण दिसायला बऱ्या नाही हे लहानपणापासून ऐकत आलेल्या बाईला कोणी तरी पहिल्यांदा सुंदर म्हणतं, तेव्हा तिच्या चेहऱ्यावर आधी संशय येतो, मग राग, आणि आनंद फार उशिरा. हा क्रम ज्याने राखला त्याला बाईच्या मनातलं बरंच ठाऊक आहे.

‘बनगरवाडी’ (1995) या सूत्रात बसत नाही, आणि तो ओढूनताणून बसवण्यात अर्थ नाही. व्यंकटेश माडगूळकरांची 1955 ची ही कादंबरी वाचलेल्या मराठी माणसाच्या डोळ्यांपुढे तिचा माळ पक्का असतो. औंध संस्थानातला कोवळा मास्तर पायी चालत धनगरांच्या वाडीत येतो, शाळा भरत नाही, मग हळूहळू भरते, तालीम उभी राहते, आणि शेवटी दुष्काळ वाडीच उठवतो. अशी कादंबरी पडद्यावर आणताना दिग्दर्शकाने मधे मधे करायचं नसतं, आणि पालेकरांनी ते पथ्य पाळलं. मराठीतल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक त्याला मिळालं. चित्रकाराची नजर त्यांच्या कुठल्या चित्रपटात सर्वांत मोकळी झाली असं विचारलं, तर उत्तर हेच: इथे आभाळ आणि माळ यांना संवादांपेक्षा जास्त जागा आहे.

आणि लगेच पुढच्या वर्षी ‘दायरा’. बाईच्या वेशात वावरणारा एक नाच्या आणि अत्याचारानंतर पुरुषाचे कपडे चढवलेली एक तरुणी, दोघांचा एकत्र प्रवास. निर्मल पांडे आणि सोनाली कुलकर्णी. फ्रान्समधल्या व्हॅलेन्सिएन महोत्सवात निर्मल पांडेंना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार दिला गेला. एखाद्या पुरस्कारानेच चित्रपटाचा आशय इतका अचूक सांगितल्याचं उदाहरण दुर्मिळ. त्या काळात हिंदी पडद्यावर साडी नेसलेला पुरुष म्हणजे हमखास हशा, एवढंच समीकरण होतं. ‘दायरा’त तो माणूस सबंध चित्रपटाचं ओझं वाहतो.

यानंतरची दहा वर्षं हा या कारकिर्दीचा सर्वांत दाट पट्टा. जी. ए. कुलकर्णींच्या कथेवरची ‘कैरी’: अनाथ भाची आणि नवऱ्याकडून पिचलेली, मूल नसलेली मावशी. मग 2001 चा ‘ध्यासपर्व’, र. धों. कर्व्यांवर. महर्षी कर्व्यांचा हा मुलगा गणिताचा प्राध्यापक. संततिनियमनाचा प्रचार करतो म्हणून त्याला नोकरीला मुकावं लागलं. 1921 मध्ये त्याने मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं, 1927 पासून मरेपर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ चालवलं, अश्लीलतेचे खटले अंगावर घेतले. त्यातल्या एका खटल्यात वकीलपत्र बाबासाहेब आंबेडकरांनी घेतलं होतं. किशोर कदमांनी केलेले कर्वे हेकट आहेत, तुटक आहेत, आणि पुतळ्यासारखे अजिबात नाहीत. कर्वे हा पालेकरांच्या घरचाच विषय म्हणायला हवा. ‘वासनाकांड’साठी कोर्टाची पायरी चढलेल्या माणसाने ‘समाजस्वास्थ्य’च्या संपादकाकडे वळावं यात नवल नाही. ‘कैरी’ आणि ‘ध्यासपर्व’ या दोन्ही चित्रपटांना कुटुंबकल्याण या विभागातली राष्ट्रीय पारितोषिकं मिळाली. सरकारी पुरस्काराच्या त्या चौकटीत कर्व्यांना पाहून खुद्द कर्वे काय म्हणाले असते, ही कल्पना करून पाहायला मजा येते.

2003 चा ‘अनाहत’ सुरेंद्र वर्मांच्या नाटकावरचा. राजाला मूल होऊ शकत नाही, म्हणून राणी शीलवतीने एका रात्रीपुरता दुसरा पुरुष निवडावा असा अमात्यांचा निर्णय. ती नाइलाजाने जाते आणि पहाटे परतते ती निराळीच बाई होऊन. आपल्या देहाला काय हवं होतं हे तिला आता कळलेलं असतं, आणि दरबाराची अडचण अशी की हे कळणं नियोगाच्या व्यवस्थेत कुठेच धरलेलं नव्हतं. सोनाली बेंद्रेकडून हे काम काढून घेणं ही दिग्दर्शकाची कमाल. चित्रपट मात्र संथ आहे, काही ठिकाणी नाटकाचा वास जात नाही, पात्रं आपली भूमिका समजावून सांगत बसतात. पालेकरांचा हा दोष जुना आहे. प्रेक्षकाला मुद्दा कळेल ना, या चिंतेपायी ते कधी कधी एक वाक्य जास्त बोलतात.

मग ‘पहेली’. 2005, शाहरुख खानची निर्मिती, राणी मुखर्जी, राजस्थानी हवेल्या, रंगांची उधळण. छबिलदासवाला माणूस मोठ्या पैशाला विकला गेला अशी कुजबुज होणं स्वाभाविक होतं. विजयदान देथांच्या ज्या कथेवर मणी कौलांनी 1973 मध्ये ‘दुविधा’ केला, तीच ही कथा: नवरा व्यापारासाठी निघून जातो, एक भूत त्याचं रूप घेऊन नववधूकडे येतं, आणि आपण भूत आहोत हे तिला खरंखरं सांगतं. ‘दुविधा’ शांत आणि कोरडा आहे. त्यातल्या वधूच्या वाट्याला शेवटी काहीच उरत नाही. पालेकरांनी आणि पटकथा लिहिणाऱ्या संध्या गोखले यांनी शेवट फिरवला, बाईने निवडलेला तो तिला परत दिला. कलात्मकदृष्ट्या कौलांचा चित्रपट उजवा, हे मान्यच. पण सणासुदीच्या वेषातल्या एका तारांकित हिंदी चित्रपटात नायिका जाणूनबुजून परक्या पुरुषाला होकार देते आणि चित्रपट तिला शिक्षा करत नाही, हे त्या बाजारात कोणी इतक्या थंड डोक्याने केलं नव्हतं. भारताकडून ऑस्करसाठी हाच चित्रपट पाठवला गेला.

पुढच्याच वर्षीचा ‘थांग’ पुन्हा छोट्या पैशाचा, पुन्हा शहरी घरातला, मराठीत आणि इंग्रजीत असा दोनदा केलेला. सुखी संसार चाललेल्या बाईला कळतं की नवऱ्याचा एका पुरुषाशी संबंध आहे. मृणाल कुलकर्णींची नायिका फसवणुकीने संतापते आणि तरीही त्याचं माणूसपण नाकारू शकत नाही, या कात्रीत चित्रपट बसतो. कलम 377 विषयीचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल यायला तेव्हा अजून बारा वर्षं अवकाश होता. शर्मिला टागोर मराठीत पहिल्यांदा आल्या त्या पालेकरांच्याच ‘समांतर’मधून, 2009 मध्ये, त्यात ते स्वतः नायकही होते.

कोर्टाशी असलेलं त्यांचं नातं ‘वासनाकांड’पाशी संपलं नाही. नाटकाच्या संहितेला प्रयोगाआधी सरकारी मंजुरी घ्यावी लागते, या सक्तीविरुद्ध त्यांनी 2016 मध्ये मुंबई उच्च न्यायालयात याचिका केली, आणि पुढच्या वर्षी चित्रपटांच्या सेन्सॉरविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात. फेब्रुवारी 2019 मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात प्रभाकर बरवेंच्या चित्रांच्या प्रदर्शनाचं उद्‌घाटन होतं. संग्रहालयाच्या सल्लागार समित्या बरखास्त केल्याबद्दल पालेकर बोलू लागले तेव्हा त्यांना विषयाला धरून बोलायला सांगण्यात आलं. एका चित्रकाराच्या प्रदर्शनात चित्रकारांच्या समितीविषयी बोलणं विषयाबाहेरचं कसं, असा प्रश्न त्या वेळी अनेकांना पडला. त्याच वर्षी, पंचाहत्तरी गाठताना, कित्येक वर्षांच्या खंडानंतर ते ‘कुसूर’मधून पुन्हा रंगमंचावर उभे राहिले.

आणि कॅमेऱ्यापुढेही. ‘200 हल्ला हो’मध्ये दलित समाजातले निवृत्त न्यायाधीश, ‘गुलमोहर’मध्ये कुटुंबातला तिढा वाढवणारा दीर, ‘फर्जी’ या मालिकेत छापखाना आणि एक न चालणारं नियतकालिक नेटाने चालवणारे आजोबा. नव्या पिढीला पालेकर ठाऊक झाले ते या आजोबांमुळे. 2024 मध्ये, ऐंशीव्या वर्षी, त्यांचं ‘ऐवज’ हे आत्मकथन आलं.

पुढची प्रकरणं चित्रपटांच्या कालक्रमाने लावली आहेत, पण त्याच क्रमाने वाचायची सक्ती नाही. ज्याला फक्त ‘गोलमाल’ ठाऊक आहे त्याने ‘घरौंदा’च्या प्रकरणापासून सुरुवात करावी, तिथे नट आणि दिग्दर्शक यांच्यामधला पूल दिसतो. ज्याचा राग ‘पहेली’वर आहे त्याने ‘अनाहत’ आधी वाचावं आणि मग शीलवती आणि ‘पहेली’तली लच्छी यांना शेजारी शेजारी ठेवून पाहावं. ‘आक्रीत’वरचं प्रकरण सर्वांत लांब आहे. ते झोपण्याआधी वाचू नये.